एका जगांतून दुसऱ्या जगांत : योगवासिष्ठांतील कथांचें शास्त्र

एका जगांतील माणूस दुसऱ्या जगांत शिरतो, तेथें उभा जन्म काढतो, आणि परत आपल्या जगांत येऊन डोळे उघडतो, अशा गोष्टी पुष्कळ भाषांत आहेत. परंतु गोष्ट निराळी आणि शास्त्र निराळें. दोन जगांमध्यें वाट कोणती, ती कोणत्या नियमानें उघडते, इकडच्या काळाचा तिकडच्या काळाशीं मेळ कसा बसतो, तिकडे घडलेल्याची इकडे कांहीं खूण राहते कीं नाहीं, या प्रश्नांचीं उत्तरें जो कथाकार नेटानें देऊं लागतो, त्यानें एक काल्पनिक शास्त्रच रचिलें असें म्हणावें लागतें. हल्लीं घरोघरचीं मुलें चित्रपटांतून अशीं अनेक विश्वें पाहून येतात व जेवतांना पाटावरच त्यांचे नियम वडील मंडळींस समजावून देतात. त्यांचा उत्साह आम्हांस आवडतो. मात्र ही कल्पना काल-परवां निघाली असें जें त्यांस वाटतें, तें खरें नव्हे.

पश्चिमेकडील एक उदाहरण प्रथम घेऊं. १९४० सालीं अमेरिकेंत ‘अननोन’ नांवाच्या मासिकांत फ्लेचर प्रॅट व एल्. स्प्रेग द कॅम्प या जोडीनें हॅरोल्ड शे नामक एका मानसशास्त्रज्ञाच्या कथा लिहिण्यास आरंभ केला. यांतील कल्पना अशी कीं, प्रत्येक पुराणकथेचें जग कांहीं गृहीतांवर उभें असतें. तीं गृहीतें तर्कशास्त्राच्या सूत्रांत मांडून मन त्यांशीं जुळवून घेतलें, कीं माणूस त्या जगांत जाऊन पडतो. शे आयर्लंडच्या वीरकथांत जावयास निघतो आणि पोंचतो उत्तरेकडील नॉर्स देवांच्या जगांत. तेथें त्याच्या आगकाड्या पेटत नाहींत व पिस्तूल उडत नाहीं. कारण त्या जगांत आपलें रसायनशास्त्र लागू नाहीं. पुढें तो स्पेन्सर व आरिओस्तो यांच्या काव्यांतही संचार करून येतो. वाचून मौज वाटते. परंतु हा गृहस्थ कोठेंही गेला तरी हॅरोल्ड शेच राहतो. जगाचे नियम बदलतात, जाणारा बदलत नाहीं. तो तेथें पाहुणा असतो. आणि पाहुण्यास त्या घरच्या सुतकाशीं फारसें कर्तव्य नसतें.

आमच्याकडील योगवासिष्ठ या ग्रंथांत नेमकें याच्या उलट आहे. येथें दुसऱ्या जगांत जाणारा तेथें पाहुणा म्हणून जात नाहीं. तो तेथें जन्मास येतो, लग्न करतो, लेंकुरांना भरवतो, त्यांना मरतांना पाहतो. म्हणून परत आल्यावर त्याच्यापुढें जो प्रश्न उभा राहतो तो गंमतीचा राहत नाहीं. तिकडे जीं माणसें राहिलीं, त्यांचें आपण कांहीं लागतों कीं नाहीं?

ग्रंथाविषयीं थोडें सांगितलें पाहिजे. योगवासिष्ठ किंवा महारामायण म्हणजे वसिष्ठानें तरुण व उदास झालेल्या रामास केलेला उपदेश. परंपरेनें तो वाल्मीकीच्या नांवावर आहे व त्याचे श्लोक बत्तीस सहस्र समजतात. छापील प्रतींत ते त्याहून कमी भरतात. वैराग्य, मुमुक्षुव्यवहार, उत्पत्ति, स्थिति, उपशम आणि निर्वाण अशीं सहा प्रकरणें त्यांत आहेत. आधुनिक संशोधकांनीं, विशेषतः जर्मनींतील हाले येथील वॉल्टर स्लाये व त्यांच्या सहकाऱ्यांनीं, काश्मिरी हस्तलिखितें तपासून असें दाखविलें आहे कीं, या ग्रंथाचें मूळ ‘मोक्षोपाय’ नांवाच्या कृतींत असून ती सुमारें इसवी सनाच्या दहाव्या शतकांत काश्मिरांत रचिली गेली. ग्रंथ वाल्मीकीचा नाहीं हें ऐकून कांहीं वृद्ध मंडळींस वाईट वाटतें. आम्हांस तसें वाटत नाहीं. एवढी कल्पनाशक्ति आपल्याकडे दहाव्या शतकांतही जिवंत होती, हें काय थोडें झालें? मोगलांच्या दरबारांतही या ग्रंथाची फारसी भाषांतरें झालीं. त्यांतील एक दारा शुकोहनें करविलें. आमच्या पिढीनें जी प्रत हाताळली ती मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याची, वासुदेव लक्ष्मणशास्त्री पणशीकर यांनीं आनंदबोधेंद्र सरस्वतींच्या टीकेसह संपादिलेली. तिचे दोन भाग हातांत धरून वाचणें अशक्य. मांडीवर उशी घेऊन वाचावे लागतात.

या ग्रंथांत कथांच्या जगांचें जें शास्त्र आहे, त्याचे मूळ नियम उत्पत्ति प्रकरणांतील लीलेच्या आख्यानांत सांपडतात. पद्म नांवाचा राजा मरतो. त्याची राणी लीला सरस्वतीस प्रसन्न करून घेते व पति आतां कोठें आहे तें दाखव म्हणते. सरस्वती सांगते कीं, एका डोंगरी गांवांत वसिष्ठ नांवाचा एक ब्राह्मण (हा रामाचा गुरु नव्हे) व त्याची अरुंधती नांवाची पत्नी राहत होतीं. राजाची स्वारी जातांना पाहून ब्राह्मणाच्या मनांत आलें, आपण असे केव्हां होऊं? पुढें तीं दोघें वारलीं. तींच पद्म आणि लीला. आणि ब्राह्मणास मरून आज आठवा दिवस आहे! त्या आठ दिवसांत, त्या झोंपडीच्या आंतल्या पोकळींत, पद्माचें सबंध राज्य, त्याचीं नगरें, त्याचे डोंगर, त्याचें लहानपण व मरण हें सर्व होऊन गेलें. आणि पद्म मरून इकडे थोडाच वेळ झाला असतां तिसऱ्या एका जगांत तो विदूरथ नांवाचा सत्तर वर्षांचा राजा होऊन बसला आहे.

लीला एखाद्या हुषार विद्यार्थिनीप्रमाणें विचारते कीं, झोंपडींत डोंगर मावले कसे? सरस्वतीचें उत्तर असें कीं, आकाश एक नाहीं, तीन आहेत : पंचमहाभूतांचें भूताकाश, मनाचें चित्ताकाश, आणि या दोहोंस पोटांत घेणारें चिदाकाश. भूताकाशांत एका ठिकाणीं दोन वस्तु राहत नाहींत. चित्ताकाशास ती अडचण नाहीं. उशीवर ठेविलेल्या एका डोक्यांत रात्रीं सबंध नगर मावतें, तसेंच हें. देहही दोन. आधिभौतिक म्हणजे हा हाडामांसाचा. तो दुसऱ्या जगांत नेतां येत नाहीं. आतिवाहिक म्हणजे मनाचा. त्यास भिंत आडवी येत नाहीं. आणि तिसरा नियम असा कीं, दाराची किल्ली म्हणजे अभ्यास. निर्वाण प्रकरणांत एक विद्याधरी वसिष्ठास एका शिळेच्या आंतील जग पाहावयास बोलावते. वसिष्ठ जवळ जाऊन पाहतो, तों त्यास नुसता दगड दिसतो. तिला दिसतें, कारण तिला तें पाहण्याची संवय आहे. शिक्षकाचा धंदा केलेल्या माणसास हा नियम पटवून द्यावा लागत नाहीं. भूमितीची एकच आकृति वर्गांतील एका मुलास उघडें दार असते व शेजारच्यास दगड.

येथें एक खुलासा करूं. १९५७ सालीं ह्यू एव्हरेट या अमेरिकन शास्त्रज्ञानें पदार्थविज्ञानांत अनेक जगांची जी उपपत्ति मांडली, तिच्याशीं याचा संबंध जोडून ‘आमच्या पूर्वजांस हें सारें अगोदरच ठाऊक होतें’ असें म्हणणारे पुष्कळ भेटतात. एव्हरेटचें गणित अणूंच्या वर्तनासाठीं आहे. योगवासिष्ठकारास अणूंचें वर्तन सांगावयाचें नव्हतें. त्याचा विषय मन. त्याला उसनें मोठेपण कशास द्यावें?

आतां गाधीच्या कथेकडे वळूं. उपशम प्रकरणांतील ही कथा आमच्या मतें साऱ्या ग्रंथाचें काळीज आहे. गाधि हा कोसल देशांतील श्रोत्रिय ब्राह्मण. तळ्याच्या पाण्यांत आठ महिने उभा राहून त्यानें तप केलें. विष्णु प्रसन्न झाले. त्यानें वर मागितला, तुझी माया मला पाहावयाची आहे. विष्णु म्हणाले, पाहशील. पुढें कांहीं दिवसांनीं गाधि त्याच तळ्यांत स्नानास उतरला. अघमर्षण करण्यासाठीं बुडी मारली, आणि मंत्र विसरला. आपण घरीं आजारी पडून मेलों, बायको पायाशीं रडते आहे, आप्त आपल्याला जाळीत आहेत, असें त्यास दिसलें. मग तो एका श्वपच स्त्रीच्या उदरीं आला. हूणांच्या मुलखाच्या सीमेवरच्या गांवांत तो जन्मला, नांव कटंज. वाढला, शिकार करूं लागला, त्याचें लग्न झालें, मुलें झालीं, आणि म्हातारपणीं तें सारें कुटुंब मृत्यूनें नेलें. दुःखानें वेडा होऊन तो फिरत फिरत कीर देशाच्या राजधानींत आला. तेथील राजा मेला होता, आणि नवा राजा निवडण्यासाठीं हत्ती सोडला होता. हत्तीनें कटंजास सोंडेनें उचलून पाठीवर बसविलें. गवल या नांवानें त्यानें आठ वर्षें राज्य केलें.

एके दिवशीं तो दागिने न घालतां एकटाच वाड्याबाहेर आला. तेथें श्वपचांचा एक मेळा गात बसला होता. त्यांतील एका वृद्धानें त्यास ओळखून जुन्या नांवानें हाक मारिली. झरोक्यांतून बायकांनीं ती ऐकली, चाकरांनीं ऐकली. एका हाकेसरशीं सारें राज्य बदललें. त्याला कोणी शिवेना. प्रेतापासून दूर राहावें तसे प्रधान दूर राहूं लागले. आठ वर्षें आपण चांडाळाच्या स्पर्शांत काढलीं, याला प्रायश्चित्त एकच, असें ठरवून नगरांतील लोकांनीं चिता पेटविल्या आणि त्यांत उड्या घेतल्या. आपल्यामुळें हा अनर्थ झाला, असें पाहून गवलही शेवटीं अग्नींत शिरला. अंग भाजतांच गाधि पाण्यांतून वर आला. इकडे दोनच मुहूर्त झाले होते. मुहूर्त अठ्ठेचाळीस मिनिटांचा. म्हणजे दीड तासाहून थोडा अधिक वेळ.

साधारण कथाकार येथेंच थांबला असता. स्वप्न पडलें, जाग आली, माया कळली, आरती करा. योगवासिष्ठकार थांबत नाहीं. कांहीं दिवसांनीं गाधीकडे एक अतिथि येतो, अगदीं वाळलेला. इतके कृश कां झालांत, असें विचारतां तो सांगतो कीं, उत्तरेस कीर देशांत आठ वर्षें एका श्वपचानें राज्य केलें. तें उघडकीस आल्यावर शेंकडों लोक जळून मेले. आपण त्या देशांत राहिलों म्हणून प्रयागास जाऊन चांद्रायण केलें, आणि त्यामुळें ही दशा झाली. गाधीच्या अंगावर कांटा उभा राहतो. तो त्याविषयीं ध्यान करीत बसत नाहीं. उठतो आणि पायीं चालूं लागतो! हूणांच्या सीमेवर तें गांव त्यास सांपडतें. कटंजाची पडकी झोंपडी, अंगणांतील हाडें, ओळखीची झाडें, सारें जसेंच्या तसें. शेजाऱ्यांना विचारतो, येथें कोण राहत असे? ते कटंजाची हकीगत सांगतात. तेथून तो कीरांच्या नगरांत जातो. तेथेंही तीच साक्ष मिळते. स्वतःच्या स्वप्नाची अशी पंचनाम्यासारखी चौकशी करणारा नायक आमच्या वाचनांत दुसरीकडे क्वचितच आला आहे.

या कथेंत माया नेमकी कोठें आहे? टीकाकार म्हणतात, तळ्यांतल्या त्या दोन मुहूर्तांत. आमच्या मतें ती कीरांच्या नगरांत आहे. गवलानें आठ वर्षांत कांहीं अन्याय केला म्हणून ते लोक जळाले नाहींत. त्याचा अंमल काल होता तसाच आज होता. अन्न तेंच, हात तेच. बदललें काय? एक नांव कानीं पडलें. त्या नांवापायीं शेंकडों माणसें चितेवर चढलीं. आणि ज्या गाधीनें हें भोगलें तो श्रोत्रिय ब्राह्मण होता, हा योगायोग म्हणतां येणार नाहीं. ग्रंथकारानें हा अनुभव एखाद्या व्यापाऱ्यास किंवा सैनिकास दिला नाहीं. अघमर्षण करणाऱ्यास, म्हणजे पाप धुण्यासाठींच बुडी मारलेल्यास दिला. तो ज्या शरीरांत उठला त्या शरीराची सावलीही त्याच्या घरांत चालली नसती. ज्या घरांतून सोंवळ्याचे वाद आमच्या डोळ्यांदेखत झाले, त्या घरांतील देव्हाऱ्याजवळ हीच पोथी लाल फडक्यांत बांधलेली असे. ती सोडून वाचणारे थोडे, आणि वाचून गाधीबरोबर हूणांच्या गांवापर्यंत चालणारे त्याहूनही थोडे.

दुसरी कथा लवण राजाची. हा हरिश्चंद्राच्या कुळांतला. दरबारांत एक गारुडी येतो व मोरपिसांचा कुंचा फिरवतो. राजासमोर एक घोडा येतो. राजा त्याकडे पाहत पाहत निश्चल होतो. दोन मुहूर्तांनीं सावध होऊन तो जें सांगतो तें ऐकून सभा थरारते. घोड्यानें त्यास ओसाड रानांत नेऊन टाकिलें. भुकेनें प्राण कासावीस झाला असतां एक काळी मुलगी बापासाठीं अन्न घेऊन चाललेली भेटली. ती चांडाळाची मुलगी. माझ्याशीं लग्न करशील तर यांतला घांस देईन, म्हणाली. त्यानें तें मान्य केलें, आणि विंध्याच्या रानांत तिच्या माणसांत तो म्हातारा झाला. पुढें दुष्काळ पडला. लहान मुलगा मांस मागूं लागला; देण्यास कांहीं उरलें नव्हतें. माझेंच मांस खा, असें म्हणून बापानें चिता रचिली आणि तींत शिरणार तोंच सिंहासनावर जाग आली. गारुडी कोठें गेला कळलें नाहीं. वसिष्ठ येथें रामास मुद्दाम सांगतो कीं, त्या सभेंत मी स्वतः बसलों होतों, हें ऐकीव नव्हे.

दुसरे दिवशीं लवणही निघतो आणि विंध्याच्या रानांत तें गांव शोधून काढतो. दुष्काळानें जळालेलीं झाडें दिसतात. आणि एक म्हातारी बायको दिसते, रडणारी. लेक, नातवंडें आणि कोठून तरी दैवानें आणून दिलेला राजा जांवई, यांची नांवें घेऊन ती रडते आहे. ही लवणाची सासू! तो तिला पुन्हां पुन्हां प्रश्न विचारतो, तिचें समाधान करवितो, तिला व गांवकऱ्यांना जें हवें तें देतो, आणि राजधानीस परततो. मीच तुझा जांवई, असें तो तिला सांगत नाहीं. कां सांगत नसेल? लज्जेमुळें म्हणावें, तर इतक्या दूर येण्याचें कारण नव्हतें. आमची समजूत अशी कीं, ज्याचा देह राजधानींतच बसून होता त्यानें तिला काय म्हणून सांगावें, हें त्यासच उमगलें नसेल. तरी धान्य आणि वस्त्र दिलें. तें कोणत्या नात्यानें दिलें, याचा निर्णय ग्रंथकारानें वाचकावर सोडिला आहे.

लीलेच्या आख्यानांतही असाच एक नाजूक प्रसंग येतो. सरस्वती तिला त्या पहिल्या डोंगरी गांवांत नेते. घरीं थोरला मुलगा ज्येष्ठशर्मा आईबापांच्या दुःखांत बसला आहे. लीला त्याच्या डोक्यावर हात ठेवते, त्याचें दुःख निवतें; परंतु ती त्यास आई म्हणून ओळख देत नाहीं. राम येथें वसिष्ठास अडवून विचारतो, कीं तिनें मुलाला आईच्या रूपानें दर्शन कां दिलें नाहीं? वसिष्ठाचें उत्तर तत्त्वज्ञानास धरून आहे, कीं ज्ञान झालेल्यास पुत्र कोण आणि माता कोण. उत्तर बिनचूक असेल. पण प्रश्न विचारणारा राम आम्हांस अधिक जवळचा वाटतो. बत्तीस सहस्र श्लोकांच्या उपदेशांत शिष्यानें असा घरगुती प्रश्न विचारावा आणि ग्रंथकारानें तो गाळूं नये, यांत त्याचें माणूसपण दिसतें.

आतां या शास्त्रांतील कूट. गाधीनें भोगलेलें आयुष्य हूणांच्या गांवकऱ्यांस कसें ठाऊक? ग्रंथकार एकाहून अधिक उत्तरें देतो, हीच गोष्ट आम्हांस प्रामाणिकपणाची वाटते. विष्णु प्रथम म्हणतात, तो अतिथि, ती झोंपडी, ते साक्षीदार, सारीच माया. गाधीचें समाधान होत नाहीं. तो पुन्हां जाऊन पाहतो, पुन्हां तेंच ऐकतो, पुन्हां तपास बसतो. तेव्हां विष्णु सांगतात, कटंज नांवाचा श्वपच खरोखरच होऊन गेला. त्याचें आयुष्य तुझ्या मनांत उमटलें. कावळा बसावयास आणि ताडाचें फळ पडावयास एक गांठ पडावी, तसें काकतालीय न्यायानें हें घडलें. लवणाविषयींही असेंच : त्याचा भ्रम त्या गांवकऱ्यांच्या मनांत शिरला, किंवा त्यांचा अनुभव त्याच्या मनांत. शिवाय एक तिसरें कारण आहे. लवणानें केवळ मनानें राजसूय यज्ञ केला होता. त्या मानसिक यज्ञाचें फळ म्हणून हें मानसिक दुःख आलें. यांतील काकतालीय न्याय आम्हांस अपुरा वाटतो. एक फळ पडणें निराळें, आणि सबंध आयुष्य पानोपान जुळणें निराळें. परंतु कटंज खरोखरच होऊन गेला, हें विष्णूंच्या तोंडचें वाक्य फार मोलाचें आहे. त्या एका वाक्यानें तो श्वपच ब्राह्मणाच्या स्वप्नांतील सावली राहत नाहीं. त्याची बायको, त्याचीं मुलें, त्यांचीं मरणें हीं त्याचीं स्वतःचीं ठरतात. गाधि केवळ त्या घरांतून जाऊन आला.

या सर्वांवर कडी करणारी गोष्ट निर्वाण प्रकरणांत आहे. एक भिक्षु ध्यानांत आपण जीवट नांवाचा माणूस आहों अशी कल्पना करतो. जीवट दारू पिऊन झोंपतो व स्वप्नांत ब्राह्मण होतो. ब्राह्मण सामंत होतो, सामंत राजा, राजा स्वर्गांतील अप्सरा, अप्सरा हरिणी, हरिणी वेल, अशी सांखळी भुंग्यापर्यंत, हत्तीपर्यंत, हंसापर्यंत जाते. आणि हंसाच्या मनांत रुद्राचें रूप येऊन तो रुद्र होतो. रुद्रास सारें आठवतें. मग तो मागें फिरतो. प्रत्येक जगांत जाऊन आपल्याच त्या जुन्या झोंपलेल्या रूपास तो जागें करतो. प्रथम भिक्षूला, मग जीवटाला, मग ब्राह्मणाला. आणि ते सर्व एकमेकांकडे आश्चर्यानें पाहत उभे राहतात. पाश्चात्य कथाकारांनीं निरनिराळ्या कादंबऱ्यांतील पात्रें एकत्र आणण्याचे खेळ पुष्कळ केले. पण एकेका झोंपेच्या उंबऱ्यावर जाऊन हाक मारण्याची ही तऱ्हा कांहीं औरच आहे.

ज्यांच्या घरीं पोथी आहे त्यांनीं उपशम प्रकरणाचा चव्वेचाळिसावा सर्ग काढावा. गाधीची कथा तेथून सुरू होते. लवणाची उत्पत्ति प्रकरणांत एकशें चवथ्या सर्गापासून आहे. मुलांस वाचून दाखवितांना उपदेशाचे श्लोक पहिल्या वेळीं वगळले तरी चालेल. चितांचा भाग मात्र वगळूं नये. मुलें प्रथम बहुधा त्या अतिथीविषयीं विचारतील. विष्णूंच्या पहिल्या उत्तराप्रमाणें तो मायेचा होता, कीरांचें नगर मायेचें होतें, राजाही मायेचा होता. मग प्रयागास जाऊन चांद्रायण कोणी केलें, आणि तो इतका वाळला कशानें?